काशीतून न दिसणारं ग्रहण

ब्रह्माघाटाच्या गल्लीत शिरले की कुणी ना कुणी मला गुडघा दाखवतं. गुडघा म्हणजे गुडघ्याची एक्स-रे प्लेट. मोठ्या लिफाफ्यातून ती बाहेर काढतात, दोन घरांच्या मधून जिथं थोडं ऊन उतरतं तिथं मला उभी करतात आणि म्हणतात, "जरा बघा ना, डॉक्टर म्हणतो घिसलाय." मी विद्यापीठात भौतिकशास्त्र शिकवते. नावामागं डॉक्टर लागतं आणि माझा विषय क्ष-किरणांचा आहे. या दोन गोष्टींची बेरीज गल्लीनं फार पूर्वीच करून टाकली आहे आणि ती खोडायचा नाद मी सोडला आहे. मी प्लेट उजेडात धरते आणि "वजन उतरवा, पायऱ्या कमी करा" असं सांगते. घाटावर राहणाऱ्याला पायऱ्या कमी करा म्हणणं हा शुद्ध मूर्खपणा आहे. पण त्यांच्या डॉक्टरनंही तेच सांगितलेलं असतं, त्यामुळं ते समाधानानं जातात.

माझे क्ष-किरण आकाशातले आहेत. फुटलेल्या ताऱ्यांचे अवशेष, कृष्णविवराभोवती गरगरणारा वायू, एकमेकांभोवती फिरणारे जोडतारे, अशा ठिकाणी पदार्थ कोट्यवधी अंश तापतो आणि त्यातून हे किरण निघतात. ते आपल्याकडे येतात असं आपण म्हणतो, पण जमिनीपर्यंत काही पोचत नाहीत. डोक्यावरची हवा त्यांना वरच्या वर गिळते. म्हणून दुर्बीण उपग्रहावर बसवून हवेच्या वर पाठवावी लागते. उपग्रह एकेक किरण मोजतो, तो कधी आला आणि त्यात किती जोर होता ते टिपतो, आणि यथावकाश ते आकडे माझ्या संगणकावर येतात. आख्ख्या नोकरीत मला लागलेले क्ष-किरण म्हणजे एकदा दाताला आणि एकदा पायरीवरून घसरले तेव्हा मनगटाला. बाकी मी खुर्चीत बसून आकड्यांशी भांडते. पाठ धरते, डोळे बिघडतात. शिवणयंत्रावर बसणाऱ्या बाईच्या बोटात निदान सुई तरी जाते, मला तेवढाही धोका नाही.

हे सगळं बाहेरच्यांना सांगून सांगून माझी जीभ झिजली. घरच्यांना सांगायचं राहिलं, कारण त्यांना माहीत असेल असं मी धरून चालले होते.

घरचे म्हणजे माझा थोरला भाऊ आणि वहिनी. मी आणि माझा नवरा विद्यापीठाच्या बाजूला राहतो. दादा ब्रह्माघाटालाच आहे. तो याज्ञिकी करतो. नाशिक-नागपूरकडून काशीयात्रेला येणाऱ्यांचं गंगापूजन, श्राद्ध, सगळं त्याच्याकडे. ग्रहण जवळ आलं की त्याचा फोन खाली ठेवायची सोय नसते. वेध कधी लागतात, म्हाताऱ्या सासूबाईंनी औषध घ्यावं का, लोणच्याच्या बरणीवर दर्भ ठेवायचा की तुळशीचं पान चालेल, हे सगळं लोक त्याला विचारतात आणि तो न कंटाळता सांगतो. माझ्यात तो गुण नाही.

त्याची मुलगी, माझी भाची, भौतिकशास्त्रात एम.एस्सी. झाली. क्ष-किरण देणाऱ्या जोडताऱ्यांवर पीएच.डी. करायला तिला पुण्याच्या एका संस्थेत प्रवेश मिळाला. मी शिफारस केली नव्हती, उलट दुसरा विषय घे म्हणून दोनदा सांगितलं होतं, कारण एका घरात दोन एक्स-रेवाल्या झाल्या तर गुडघ्यांची रांग मैदागिनच्या चौकापर्यंत जाईल. ती हसली आणि तिनं स्वतःला हवं तेच केलं. दादानं गल्लीत लौंगलता मिठाई वाटली. गणपती उठले की लगेच पुण्याला हजर व्हायचं होतं, त्याप्रमाणे तिकीट काढलं. इथवर सगळं ठीक होतं.

मग इंदूरची एक बाई यात्रेला आली. गंगापूजन दादाकडे होतं. बाईंना लग्नाचा मुलगा होता, आणि घरात वावरणारी भाची त्यांच्या नजरेत भरली. जेवताना त्यांनी चौकशी केली. वहिनींनी कौतुकानं सांगितलं, एक्स-रेमध्ये पीएच.डी. करणार आहे. बाईंचा घास थांबला. "म्हणजे किरणांत काम? आमच्याकडे दवाखान्यात एक्स-रेच्या खोलीवर पाटी असते हो, गरोदर बायकांनी आत येऊ नये म्हणून. मग हिचं पुढं कसं व्हायचं?" एवढं बोलून त्यांनी ताक मागितलं. इंदूरला गेल्यावर त्यांचा फोन आला नाही.

मला हे कुणी सांगितलं नाही. मला दिसलं ते नंतरच्या एका रविवारी. टोटो रिक्षानं मैदागिनला उतरले, गल्ल्या तुडवत घरी पोचले, तर भाची वरच्या खोलीत एकटी ताट घेऊन जेवत बसलेली. खाली सगळ्यांची जेवणं व्हायची होती.

"काय गं, आजारी आहेस?"

"नाही. मैं एक्स-रे हूँ," ती म्हणाली. "वहिनीला माझी हवा लागायला नको."

तिची वहिनी, म्हणजे दादाची सून, सातव्या महिन्यात होती. मी इकडंतिकडं पाहिलं. कोनाड्यात एक गाठोडं होतं. दादा पूजेला नेसतो त्या धाबळीत काहीतरी चौकोनी गुंडाळलेलं आणि वर दर्भाची काडी. मी काडी उचलली, धाबळी सोडली. आत भाचीचा लॅपटॉप होता.

लोकरीला विटाळ नाही हे आम्हां लोकांत लहान पोरालाही ठाऊक असतं. ग्रहणात दर्भ ठेवला की अन्न-पाणी बिघडत नाही हेही. वहिनींनी या दोन्ही गोष्टी एकत्र करून संगणकाचा बंदोबस्त केला होता. माझा रागाचा पारा चढला खरा, पण काम नीटनेटकं होतं हे मान्य करायला हवं. गाठसुद्धा घट्ट होती.

मी खाली स्वयंपाकघरात गेले. "वहिनी, हे काय चाललंय?"

"वन्सं, तुम्ही हात धुऊन या आधी," वहिनी म्हणाल्या. "पोटुशी बाई घरात आहे. ग्रहणात नाही का आपण तिला आत बसवत, चिरू देत नाही, शिवू देत नाही? दोन घटकांच्या ग्रहणाला एवढं जपायचं, आणि हे किरण तर रोजचे."

"लॅपटॉपमधून किरण निघत नाहीत. त्यात फक्त आकडे आहेत."

"आकडे कशाचे?"

"किरणांचे."

"तेच म्हणते मी."

सूनबाई कोपऱ्यात भाजी निवडत होती. ग्वाल्हेरची मुलगी, तोंडानं फटकळ. "आत्या, कुणीतरी यांना समजवा," ती म्हणाली. "माझी सीरियल त्याच लॅपटॉपमध्ये बघायचे मी. पंधरा दिवस झाले, त्या बाईला नवऱ्यानं घराबाहेर काढलंय आणि पुढं काय झालं मला माहीत नाही."

"तू गप्प बस," वहिनी म्हणाल्या. मग माझ्याकडे न बघता त्यांनी खरी गोष्ट सांगितली. "पुण्याचं तिकीट रद्द करायला सांगितलंय मी तिला. सूनबाईला चार दिवस लॅपटॉपपासून लांब ठेवते मी. ती तिथं आयुष्यभर त्याच्यात बसणार. उद्या तिचं घर वसायला नको का?"

मी वर गेले आणि भाचीला विचारलं, "रद्द केलंस?"

"अजून नाही."

"करू नकोस. गणपतीच्या गर्दीत परत मिळायचं नाही. बाकीचं बघू."

दादाशी बोलले. तो वहिनींसारखा घाबरला नव्हता, पण बायकोच्या विरुद्ध जाऊन मुलीला गाडीत बसवण्याची त्याची तयारी नव्हती. शिवाय गल्ली बोलत होती. "तू असं कर," तो म्हणाला, "आपल्या गणपतीत एक दिवस व्याख्यान दे. सगळ्यांसमोर सांग काय ते. एकदा गल्लीचं तोंड बंद झालं की घरातलं मी बघतो."

एका मुलीनं पुण्याला जाऊन शिकावं की नाही हे आधी ब्रह्माघाटाच्या गणपतीपुढं सिद्ध करायचं. मी हो म्हटलं, कारण दुसरा उपाय नव्हता.

आमच्याकडचा गणपती जुना आहे आणि संध्याकाळच्या आरतीनंतर कीर्तन किंवा व्याख्यान ठेवायची पद्धतही जुनी. बोलणं मराठीतच व्हावं असा आग्रह असतो, कारण एरवी सगळ्यांची जीभ हिंदीकडे वळते. कार्यवाहांनी माझी ओळख 'एक्स-रेच्या प्रसिद्ध डॉक्टर' अशी करून दिली. पुढच्या रांगेत तीन जण लिफाफे घेऊन बसले होते.

मी सुरुवातीलाच सांगून टाकलं की आज कुणाचाही गुडघा बघणार नाही. मग हवेचं सांगितलं, उपग्रहाचं सांगितलं. पहिल्यांदा हे किरण कसे सापडले तेही सांगितलं: चंद्राकडून क्ष-किरण येतात का ते बघायला रॉकेट वर पाठवलं होतं, आणि चंद्र राहिला बाजूला, वृश्चिक राशीच्या दिशेनं भलतंच काहीतरी झगझगीत दिसलं. वृश्चिकेचं नाव निघाल्याबरोबर सभेत निम्म्या माना वळल्या. ज्यांची ती रास होती त्यांच्याकडे बाकीचे बघत होते.

लोक ऐकत होते. मी धीर करून जोडताऱ्यांकडे आले, कारण भाची त्याच्यावरच काम करणार होती. एक साधा तारा, आणि त्याच्याभोवती फिरणारा एक मेलेला, आवळून आवळून लहान झालेला तारा. काशी आणि गंगेपलीकडचं रामनगर मिळून जेवढी जागा व्यापतात तेवढाच त्याचा पसारा, पण वजन सूर्यापेक्षा जास्त. तो शेजाऱ्याचा वायू ओढून घेतो, तो वायू पडता पडता तापतो आणि क्ष-किरण देतो. "आणि काही जोड्यांमध्ये," मी म्हटलं, "हा लहान तारा फिरता फिरता मोठ्याच्या मागे जातो. तेवढा वेळ किरण बंद. म्हणजे आपल्या भाषेत, ग्रहण."

मला वाटलं होतं, या शब्दानं माणसं जवळ येतील. आली, जरा जास्तच. पुढं खुर्चीवर वेदपाठशाळेतले म्हातारे गुरुजी बसले होते. आयुष्यभर मुलांना संहिता शिकवून ते निवृत्त झालेत, आणि गल्लीत त्यांच्या शब्दापुढं कुणी बोलत नाही. त्यांनी हात वर केला.

"स्पर्श झाल्यापासून पूर्ण झाकला जायला किती वेळ?"

"काही जोड्यांत दहा-वीस सेकंद."

"एवढ्यात? मग झाकला जाणारा फारच लहान असला पाहिजे."

"बरोबर," मी म्हटलं. मनापासून बरं वाटलं. हाच मुद्दा माझ्या वर्गात अर्धं सत्र खातो.

"आणि मोक्षानंतर पुन्हा ग्रहण कधी?"

"काही जोड्यांमध्ये चार-सहा तासांनी."

"म्हणजे दिवसातून अनेक वेळा." गुरुजींनी डोळे मिटून हिशोब केला. "मग त्या मुलीला वेध कायमचेच. एक ग्रहण सुटायच्या आत दुसऱ्याचे वेध लागलेले. जेवायचं कधी तिनं?"

सभेत कुणी हसलं नाही. गुरुजी चेष्टा करत नव्हते, त्यांना खरोखरच काळजी वाटत होती. बायकांच्या बाजूनं वहिनी उठून गेलेल्या मला दिसल्या. मी आणखी पाच मिनिटं बोलले, काय बोलले ते आठवत नाही. लिफाफेवाले तिघेही गुडघे न दाखवता गेले. इतकी वर्षं जे घडावं असं मला वाटत होतं ते नेमकं त्या दिवशी घडलं.

घरी जाताना भाची माझ्या मागून चालत होती. "आत्या, तू पण ना. इतकं छान चाललं होतं, ग्रहण कशाला घुसवलंस बीच में?"

"तुझा विषय आहे म्हणून."

"माझा विषय मला वाचवायचा होता, वाढवायचा नव्हता."

तिचं म्हणणं खरं होतं.

स्वयंपाकघरात वहिनी मोदकांचं सारण हलवत होत्या. त्यांनी गॅस बारीक केला आणि माझ्याकडे वळल्या. "वन्सं, वाईट वाटून घेऊ नका. मी कधी बोलले नसते. पण लांब कशाला जायचं, तुमचंच बघा ना."

मला मूल नाही. त्या हेच म्हणत होत्या हे कळायला मला एक क्षण लागला.

"माझं काय बघायचं?"

"आता तुम्हीच मला बोलायला लावता. सगळी गल्ली म्हणते, इतकी वर्षं किरणांत बसल्या, म्हणून कूस उजवली नाही."

"कधीपासून म्हणते?"

"पहिल्यापासूनच म्हणतात हो. तुमच्यासमोर कोण म्हणणार."

मी पाटावर बसले. मला रडू आलं नाही, इतक्या वर्षांनी येणारही नव्हतं. पण चीड आली. ज्या माणसांचे गुडघे मी उन्हात धरून बघत आले, ती माणसं लिफाफा बंद करताना माझी कीव करत होती. आणि त्यातलं एकही वाक्य खरं नव्हतं.

"वहिनी," मी म्हटलं, "माझं दुसऱ्यांदा पोटातलं गेलं तेव्हा मी कुठं होते?"

"इटारसीला. भावजींची बदली होती."

"आणि काय करत होते?"

वहिनींनी आठवून बघितलं. "शाळेत होतात ना. पोरींना गणित शिकवायचा."

"हो. बीजगणित. तुम्ही आला होता माझं बघायला, दोन महिने राहिलात. क्ष-किरण हा विषय मी त्यानंतर तीन वर्षांनी घेतला. डॉक्टर म्हणाले होते आता प्रयत्न नको, तब्येतीला झेपणार नाही. मग घरात बसून करायचं काय, म्हणून मी परत शिकायला लागले. किरणांमुळं मूल झालं नाही असं नाही झालेलं. मूल झालं नाही म्हणून मी किरणांकडे आले. क्रम उलटा लावलात तुम्ही सगळ्यांनी."

 सारण खाली लागायला लागलं, तसं मीच ते हलवलं.

"डिंकाचे लाडू करून आणले होते मी," त्या म्हणाल्या.

"हो. कडक झाले होते."

"तुमच्याकडचा डिंकच खराब होता." मग त्या म्हणाल्या, "मला ठाऊक होतं की हे. लक्षातच आलं नाही. लोक म्हणत गेले, मीही म्हणत गेले." आणि पदराला हात पुसून, "बरं, ते झालं. पण गुरुजी म्हणाले त्याचं काय? ग्रहण तर तुम्हीच म्हणालात."

दारात भाची उभी होती. तिनं सगळं ऐकलं होतं. तिनं कपाळावर हात मारून घेतला आणि वर निघून गेली.

मी रात्री तिथंच राहिले. सकाळी दादा गंगेवरून स्नान करून आला, ओलं धोतर वाळत घातलं आणि चहा घेऊन बसला. मी समोर जाऊन बसले.

"दादा, यजमान तुला फोन करतात, ग्रहण अमेरिकेत आहे, आम्ही पाळायचं का. तू काय सांगतोस?"

"जिथं दिसतं तिथल्यांनी पाळायचं. इथून दिसत नसलं तर इथं वेध नाहीत, स्नान नाही, काही नाही. पंचांगात छापलेलं असतं, तरी विचारतात."

"मग झालं तर. ही ग्रहणं काशीतून दिसत नाहीत."

दादानं चहाचा कप खाली ठेवला. मला वाटलं होतं तो हो म्हणेल आणि विषय संपेल. पण आमचे वडील त्याला शिकवून गेले होते. "थांब. ढगांमुळं ग्रहण दिसलं नाही तरी ते पाळावंच लागतं. ढग मधे आला म्हणून ग्रहण टळत नाही. तुझी ती हवा म्हणजे ढगच की. वर किरण आहेत, मधल्या आडकाठीमुळं खाली येत नाहीत."

मी इतक्या ठिकाणी बोलले आहे, परिषदांना गेले आहे, पण इतका अडचणीचा प्रश्न मला फार थोड्यांनी विचारला आहे. आणि तो सकाळी सहा वाजता, माझ्या चहाच्या आधी.

"ढग हटतो," मी म्हटलं. "इथं ढग असला तर प्रयागला आकाश मोकळं असतं. ही हवा हटत नाही. काशीतून दिसत नाही, प्रयागहून दिसत नाही, पृथ्वीवर कुठूनही, कधीही दिसत नाही."

"हिमालयावरून?"

"नाही."

"एकसुद्धा किरण येत नाही? नीट आठवून सांग. मी निर्णय दिला की तो माझ्या माथी राहतो."

"फुगा पार वर सोडला, विमानाच्याही तिप्पट-चौपट उंच, तर जोरदार किरणांतले काही सापडतात. जमिनीवर नाही. आणि दादा, जमिनीवरून दिसत असते तर कुणी एवढा पैसा ओतून उपग्रह उडवला असता का? गच्चीवर नळी लावून बसले नसते?"

हे त्याला पटलं. माझ्या सगळ्या बोलण्यात हेच त्याला पटणार होतं हे मला आधी कळायला हवं होतं. तो थोडा वेळ बोटं मोजत बसला. मग म्हणाला, "फुग्यात आपली पोरगी बसणार आहे का?"

"नाही. ती खुर्चीत बसणार आहे."

"मग जमिनीवरच्या माणसाचं ते ग्रहणच नव्हे."

त्या संध्याकाळी आरतीनंतर दादा गणपतीपुढं उभा राहिला. आवाज त्याचा मुळातच मोठा. काल चर्चा झालेल्या ग्रहणांबद्दल शास्त्रार्थ असा, म्हणून त्यानं सांगितलं. गुरुजींनी अपेक्षेप्रमाणे ढगांची शंका काढली. दादा म्हणाला, ढग हटतो, ही हवा हटत नाही, हिमालयावर गेलात तरी नाही. प्रयागच्या मोकळ्या आकाशासकट माझी वाक्यं जशीच्या तशी, आणि माझा उल्लेख नाही. गुरुजींनी मान डोलावली. "युक्त आहे," ते म्हणाले. "जे भूमीवर कुठंच दिसत नाही, त्याचा दोष भूमीवर नाही." सभेतून हो-हो झालं.

आदल्या दिवशी त्याच जागी उभं राहून मी हेच सांगितलं होतं. हवा किरण गिळते, खाली एकही येत नाही. तेव्हा ती नुसती माहिती होती. आता तो निर्णय झाला, आणि गल्लीत माहितीपेक्षा निर्णयाला किंमत आहे. मी शेवटच्या रांगेत प्रसादाचा द्रोण हातात धरून उभी होते आणि दात खात होते. पण काम झालं होतं, आणि काम झालेलं असताना ते कुणाच्या नावावर झालं यावर भांडायला मला वेळ नसतो.

घरी आलो तर वहिनींनी कोनाड्यातून गाठोडं काढलं, धाबळी झटकून दादाच्या खुंटीला टांगली आणि लॅपटॉप सूनबाईच्या पुढ्यात ठेवला. "बघ ती तुझी रडकी बाई," त्या म्हणाल्या. सूनबाईनं लगेच भाचीला हाक मारली, आणि दोघी एकमेकींना खेटून बसल्या. घराबाहेर काढलेली बाई एव्हाना नवऱ्याची कंपनी विकत घेऊन बसली होती असं कळलं.

इंदूरचं स्थळ गेलं ते गेलंच. वहिनी त्याबद्दल परत बोलल्या नाहीत. मला मात्र त्यांनी एकदा, भांडी आवरता आवरता सांगितलं, "गल्लीत कुणी तुमच्याबद्दल तसं बोललं तर मी सांगते हो आता. इटारसीचं." मी म्हटलं, "सांगू नका. तेवढ्यानं काही होत नाही." पण त्यांनी सांगितलं असावं. गुडघे दाखवणाऱ्या एक-दोन बायका आता जरा जपून बोलतात, आणि ते मला कीव करण्यापेक्षाही जास्त खुपतं.

गणपती उठले, भाची गेली. स्टेशनवर वहिनींनी तिच्या पिशवीत चिवडा, लोणचं, लोकरीचा स्वेटर आणि पुण्यात मिळत नाही या समजुतीनं सत्तू भरला. रडणं वगैरे झालं, ते मी बघत बसले नाही, मी सामानावर लक्ष ठेवलं.

पंधरवड्यानं मी ब्रह्माघाटाला होते तेव्हा तिचा फोन आला. तिला पहिले खरे आकडे मिळाले होते. नेहमीप्रमाणे पहिल्यांदा काहीतरी बिनसलेलं होतंच. "आत्या, मधला मोठा तुकडा सगळा रिकामा आहे. नुसता बॅकग्राउंड. मैंने सोचा मी काहीतरी चुकवलं."

"चुकवलं नाहीस. वेळ जुळवून बघ, तारा मागे गेला असेल."

"तेच निघालं. ग्रहण."

"मग त्याच्या आधीचा आणि नंतरचा भाग घे आणि कामाला लाग."

"आणि एक. माझ्या लॅपटॉपची एक की अडकते. उघडून बघितलं तर खाली दर्भाचा तुकडा."

"चिमट्यानं काढ. ओढू नकोस, की निघून येईल."

वहिनींनी माझ्या हातातून फोन घेतला. "काय म्हणते? ग्रहण आहे?"

पलीकडून भाचीचा आवाज मला ऐकू आला. ती हसत होती. "हो आई, मोठं ग्रहण आहे. आता जेवता येणार नाही मला."

त्या ताऱ्यावर ते ग्रहण लागून सुटूनही किती हजार वर्षं झाली असतील, हे मी सांगणार होते. वहिनींनी मला हातानं थांबवलं.

"ते इथून दिसत नाही आणि तिथूनही दिसत नाही," त्या फोनमध्ये म्हणाल्या. "थट्टा पुरे. दोन वाजून गेलेत, मुकाट्यानं जेवून घे."